गाडीच्या बदल्यात रोझेर

टॅमरॅक फॉल्स, ऑन्टारिओ
११ जानेवारी २००९

प्रिय रोझेर,

तुझं नाताळचं कार्ड मिळालं. नेहमीसारख्याच दोन ओळी, आणि अक्षर अजून कोंबडीचे पाय. लून्सकडून हॉकी खेळायचास तेव्हा दोन हिवाळे माझ्या घरी राहिलास, माझ्या हातचं जेवलास, आणि तुझ्या बायकोचं नाव जसिंथ, हे मला कळलं ते कार्डावरच्या सहीवरून. असो. ऐंशीव्या वर्षी मी कोणावर रुसत नाही. परवडत नाही.

आता कामाचं. आपल्या बर्फाच्या रिंकला नवं छप्पर बसलं. मार्चच्या दुसऱ्या शनिवारी समारंभ आहे. कमिटीत मीही आहे, कारण मला बाहेर ठेवायची कोणाची छाती नाही. लून्स टीम गावातून जाऊन पस्तीस वर्षं होत आली, तरी इथली म्हातारी अजून ‘आपले लून्स’ म्हणतात. जणू पोरं बाहेरगावी सामना खेळायला गेलीत आणि बस येईलच आता. तर ठरलं असं, की लून्सची आठवण म्हणून एक जर्सी छताला टांगायची. एकच. तिच्यावरचा नंबर या रिंकमध्ये पुन्हा कोणी घालायचा नाही.

नंबर सतरा. तुझा. हात वर करून मत घेतलं, एकही हात खाली राहिला नाही. तोइवो लाहतीचासुद्धा वर होता, आणि तो माणूस आज रविवार आहे यालाही विरोध करतो.

तेव्हा तू यायचंस. बायकोला आण. माडीवरची खोली झाडून ठेवते. माझा आर्वो गेल्यापासून वाफेचा सौना आठवड्यातून एकदाच तापवते, तुम्ही आलात की रोज तापवीन. वेलचीचा गोड पाव अजून तसाच करते, फक्त मळायला वेळ लागतो.

हो-नाही काही न लिहिता थेट तारीख कळव.

तुझी,
हिल्का सारेला

•

रिमुस्की, क्वेबेक
२४ जानेवारी २००९

प्रिय हिल्काकाकू,

पत्र वाचलं आणि गॅरेजमध्ये जाऊन बसलो. जसिंथ हाक मारत होती, ओ दिली नाही.

काकू, तुमच्यावर माझा काडीचाही राग नाही, हे आधीच सांगतो. पण ही थट्टा कोणाच्या डोक्यातून निघाली? लून्समध्ये मी होतो कोण? कॅप्टन डफी मॅक्रे होता, गोलमागून गोल मारायचा, त्याची जर्सी टांगा. मी मागे बचावाला खेळायचो. गोल मारले असतील हाताच्या बोटांवर मोजण्याइतके, त्यातलाही एक चुकून माझ्या पार्श्वभागाला लागून आत गेलेला.

लोकांना मी एकाच गोष्टीसाठी ठाऊक आहे. बर्फ घोटायच्या जुन्या गाडीच्या बदल्यात ब्रॅनफील्डच्या टीमला दिलेला माणूस. खेळाडूच्या बदल्यात खेळाडू देतात, हे सगळीकडेच चालतं. माझ्या बदल्यात आली ती चार चाकांची, धूर सोडणारी, कोणीतरी वापरून टाकलेली गाडी.

ब्रॅनफील्डला मी बर्फावर उतरलो की सगळे प्रेक्षक तोंडाने इंजिनाचा आवाज काढायचे. घुर्र, घुर्र. एकदा वरून फावडं आलं. तिथल्या वर्तमानपत्राने माझा आणि गाडीचा फोटो शेजारी शेजारी छापला आणि खाली लिहिलं, ‘फायद्यात कोण?’ माझ्याच टीममधली पोरं मला ट्रॅक्टर म्हणायची. कसाबसा पुढचा मोसम काढला आणि कानाला खडा लावला. इकडे येऊन नळजोडणीचं काम शिकलो. जसिंथला सांगितलं, गुडघा गेला म्हणून खेळ सोडला. गुडघे ठणठणीत आहेत, काकू. मुलंही तेच धरून चालतात. बाबांचा गुडघा, बाबांना जिना नको, असं म्हणून मला सामान उचलू देत नाहीत.

आणि आता मी पैसे खर्चून तिथे येऊ, छताला टांगून घेऊ, आणि पुन्हा घुर्र घुर्र ऐकू? मला माफ करा. येणार नाही.

तब्येतीची काळजी घ्या.

तुमचा,
रोझेर

•

टॅमरॅक फॉल्स
३ फेब्रुवारी २००९

रोझेर,

‘प्रिय’ मुद्दाम लिहीत नाही. ते शेवटी लिहीन, राग उतरला तर.

थट्टा म्हणे! अरे शहाण्या, ऐंशी वर्षांची बाई थट्टा करायला दोन पानं लिहील? ब्रॅनफील्डच्या लोकांनी तुला छळलं हे मला आज कळतंय. कार्डावर ‘सर्व ठीक’ लिहायचास ना तू? त्या लोकांना काय ठाऊक होतं कप्पाळ! पण तुला तर सगळं ठाऊक होतं, मग तू कशाला मान खाली घातलीस?

विसरला असशील तर आठवण करून देते. त्या हिवाळ्यात आपल्या रिंकची आधीची गाडी जळून गेली. आर्वो आणि कागद गिरणीतले लोक पाळी संपली की गरम पाण्याची पिंपं ओढत न्यायचे आणि बर्फावर ओतायचे. तरी बर्फ असा खडबडीत, की पोरं पडून दात पाडून घ्यायची. टीमच्या मालकाला तेच हवं होतं. रिंक खराब आहे म्हणायचं आणि टीम दक्षिणेला न्यायची. तुमचा कोच प्रेंटिस हे ओळखून होता. तो आर्वोला म्हणाला होता, “लून्स काही वाचत नाहीत. रिंक वाचवता आलं तर बघू.” ब्रॅनफील्डला तू हवा होतास आणि त्यांच्याकडे एक गाडी जास्तीची होती. प्रेंटिसने अट घातली, की गाडी टीमच्या नावावर नको, गावाच्या नावावर करा. मालकाला वाटलं, भंगार आहे, घेऊ दे. पुढे वसंतात मालकाने टीम हलवली तेव्हा जर्स्या नेल्या, गोलच्या जाळ्या नेल्या, दिवे उतरवून नेले, पॉपकॉर्नचं पातेलंसुद्धा सोडलं नाही त्या मेल्याने. गाडीला मात्र त्याला हात लावता आला नाही.

गाडी घ्यायची की नाही यावर आम्हा फिनिश लोकांच्या फिन हॉलमध्ये सभा झाली होती. आमची माणसं युनियनची, तुला ठाऊक आहे. पहिला उठला तो आर्वोच. म्हणाला, “माणूस देऊन यंत्र घ्यायचं? त्यापेक्षा आपली फावडी बरी.” सगळ्यांनी माना डोलावल्या. ठराव पडलाच होता. तेव्हा प्रेंटिस टोपी हातात घेऊन उभा राहिला. म्हणाला, “मी पोराला विचारलंय. तो म्हणाला, गावातली मुलं खेळणार असतील तर मी जातो.”  आर्वोने डोळे पुसले. मग हात वर झाले.

तू ब्रॅनफील्डच्या सामन्याला गेलास तो परत आलाच नाहीस. तेव्हा मी आर्वोला म्हटलं, बरं केलं पोराने, समोर आला असता तर पाय निघाला नसता त्याचा. तुझी ट्रंक मी भरली, आणि भरताना किती रडले ते कोणाला सांगितलं नाही.

आता आणखी एक ऐक, आणि यावरही रागव हवं तर. त्या गाडीचं नाव पोरांनी रोझेर ठेवलं. आता तिसरी गाडी आहे, पण नाव तेच. सामन्याच्या विश्रांतीत मागचं दार उघडलं की लहान मुलं उड्या मारतात, “रोझेर आला! रोझेर आला!” बाकी वेळी रोझेर बंद पडला, रोझेरला तेल हवं, रोझेर दारात अडकला. गावात तुझ्या नावाचा रोज उद्धार चालू असतो.

लून्स गेले. दक्षिणेला जाऊन वर्षभरात त्यांचं नावही पुसलं गेलं. ती लीग गेली. तुझं ब्रॅनफील्डही गेलं, त्यांचं रिंक पाडून तिथे फर्निचरचं दुकान झालंय असं ऐकते. राहिलं ते आमचं रिंक. इथे पोरी हॉकी खेळतात आता, आणि मुलग्यांपेक्षा जास्त शिव्या देतात. माझ्या दोन्ही नाती त्याच बर्फावर उभं राहायला शिकल्या. हे सगळं तुझ्यामुळे, आणि तुझ्या तोंडावर कोणी आभार मानले नाहीत कधी. म्हणून बोलावलं होतं.

प्रिय रोझेर, ये.

हिल्का

•

रिमुस्की
१२ फेब्रुवारी २००९

प्रिय हिल्काकाकू,

मला कोणी विचारलं नव्हतं.

एवढंच लिहून पत्र टाकणार होतो. पण तुम्हाला सगळं कळायला हवं.

ब्रॅनफील्डचा सामना आम्ही हरलो. मी अंघोळ करून बाहेर आलो तर माझी बॅग जागेवर नव्हती. प्रेंटिस दारात उभा. माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, “रोझी, तुझी बॅग पलीकडच्या खोलीत ठेवली आहे.” पलीकडची खोली म्हणजे ब्रॅनफील्डवाल्यांची. मला वाटलं पोरांनी मस्करी केली. मग खिडकीतून आपली बस जाताना दिसली. प्रेंटिस पुढच्या सीटवर बसला होता. त्याने वळून पाहिलं नाही. कशाच्या बदल्यात मला दिलं, ते मला दुसऱ्या दिवशी पेपरमध्ये कळलं.

त्याने मला विचारलं असतं तर मी काय म्हणालो असतो? काकू, तुमच्याशी खोटं बोलणार नाही. मी नाही म्हणालो असतो. हॉकीसाठी नव्हे. आमच्या घरी आम्ही तेरा भावंडं. उभ्याने जेवायचो, ज्याचा हात लांब तो पोटभर. तुमच्या टेबलाशी मला माझी खुर्ची होती. मी उशिरा आलो तरी तिच्यावर कोणी बसायचं नाही. आर्वोकाका सांगायचे, “ती रोझेरची आहे.” ती खुर्ची मी कुठल्याच गावातल्या मुलांसाठी सोडली नसती. बावीस वर्षांचा होतो मी.

तेव्हा गाव इतकी वर्षं ज्याचे आभार मानतंय तो माणूस जन्मालाच आलेला नाही. प्रेंटिसने बनवलेला आहे तो. त्याच्या नावाने टांगलेल्या जर्सीखाली मी उभा राहिलो तर मी चोर ठरेन. तुम्ही हे पत्र फिन हॉलमध्ये वाचून दाखवा. सगळं, खुर्चीसकट. मग खुशाल डफीची जर्सी टांगा. मी टाळ्या वाजवीन.

तरी एक गोष्ट मान्य करतो. ‘रोझेर दारात अडकला’ हे वाचून मी एकटाच इतका हसलो, की जसिंथ धावत आली. मग तिला सगळं सांगून टाकलं. गाडी, घुर्र घुर्र, ट्रॅक्टर, गुडघा, सगळं.  ती म्हणाली, “म्हणजे गाडी तरी चांगली निघाली का?” मी म्हटलं, पोरांना आवडली असं दिसतंय. दुसऱ्या दिवशी तिने मला मागच्या दारचा सगळा बर्फ उपसायला लावला. गुडघा बरा आहे ना आता, म्हणे.

तुमच्या पत्रामुळे माझ्या छातीवरचा दगड उतरला, काकू. तेवढं मला पुरे आहे.

तुमचा,
रोझेर

•

थंडर बे, इस्पितळ
२७ फेब्रुवारी २००९

प्रिय रोझेर,

इस्पितळाचं नाव वाचून घाबरू नकोस. सभेहून घरी येताना माझ्याच पायरीवर घसरले आणि खुब्याचं हाड मोडलं. आयुष्यभर बर्फावर चालले आणि शेवटी दगा दिला तो दारातल्या पायरीने. डॉक्टर पोरगेला आहे, मला ‘आजी’ म्हणतो. मी त्याला तिथेच थांबवलं.

तुझं पत्र वाचलं. पूर्ण वाचलं. खुर्चीपाशी आले आणि कागद शेजारच्या ऐनोच्या हातात दिला, पुढचं तिने वाचलं.  वाचून झाल्यावर एकजण म्हणाला, प्रेंटिस खोटारडा होता. दुसरा म्हणाला, तो खोटं बोलला नसता तर आज त्या रिंकमध्ये बटाट्यांची वखार असती. झालं, जुंपली. मेलेल्या माणसावरून दोन्हीकडून आरडाओरडा.

तोइवो लाहती उठला तेव्हा सगळे गप्प बसले, कारण तो आता उठतो तेव्हा त्याला फार वेळ लागतो. तो म्हणाला, “आपण समजत होतो त्याने दिलं. तसं नाही. आपण त्याच्याकडून घेतलं. दिलं असतं तर त्याला निदान दिल्याचं समाधान मिळालं असतं. आपण तेही त्याला मिळू दिलं नाही. म्हणजे त्याचे उपकार कमी झाले की वाढले? ज्याला हिशेब येतो त्याने सांगा.”

 मत घेतलं नाही. सगळे टोप्या घालून घरी गेले. पण जर्सी टांगू नका असं एकानेही म्हटलं नाही, हे मी तुला सांगते.

मी? मी तुझ्यावर नाही रागावले. स्वतःवरही नाही, वेळ नाही त्याला. पण मला वाटत होतं तू आमच्यासाठी गेलास, आणि मी त्याचा अभिमान बाळगून होते. आता कळतं, की तुला जायचंच नव्हतं. खरं सांगू? मला हे जास्त आवडलं. माझ्या टेबलाशी बसायला एखाद्याला इतकं आवडत होतं, हे मला या वयात कळलं. परिचारिकेलाही सांगितलं मी.

तू ये. मी समारंभाला नसेन, मला इथून सोडत नाहीत. किल्ली ऐनोकडे आहे. सौनाची लाकडं मागच्या पडवीत, आधी सुकी वापर. प्रेंटिस चर्चमागे पुरला आहे. त्याला चार शब्द सुनवायचे असतील तर तिथे जाऊन सुनव, गाव काही म्हणणार नाही.

हो की नाही, ते मात्र या वेळी तूच ठरव.

तुझी,
हिल्का

•

टॅमरॅक फॉल्स, तुमचं स्वयंपाकघर
१५ मार्च २००९

प्रिय हिल्काकाकू,

तुमच्या टेबलाशी बसून लिहितोय. जसिंथ शेजारी बटाटे सोलतेय. काल सौनात मी दगडांवर पाणी टाकलं मात्र, ती किंचाळत थेट बाहेर बर्फात पळाली. ऐनोने खिडकीतून पाहिलं. आता गावात मला फारशी ओळख करून द्यावी लागणार नाही.

प्रेंटिसकडे गेलो होतो. गुडघाभर बर्फ तुडवत गेलो. इतक्या वर्षांच्या शिव्या पाठ होत्या. दगडावरचा बर्फ हाताने झाडला, नाव वाचलं आणि एकही आठवेना. एवढंच म्हणालो, “बॅग तरी स्वतः हातात द्यायची होतीस.” मग म्हणालो, रिंक चांगलं राहिलंय. त्याचेही कोणी आभार मानले नसणार, म्हणून तेही मानून टाकले. जसिंथ दूर उभी राहिली होती. परत येताना तिने माझा हात धरला.

आता काल. तुम्हाला सगळं ऐकायचं असणार, म्हणून नीट लिहितो.

रिंक खच्चून भरलं होतं. मला बर्फाच्या मधोमध गालिच्यावर उभं केलं. पाय लटपटत होते, आणि गुडघ्याचं निमित्त सांगायची सोय आता राहिलेली नाही. मागचं दार उघडलं आणि गाडी बाहेर आली. सगळी पोरं एका सुरात ओरडली, “रोझेर आला!” आणि लगेच त्यांच्या लक्षात आलं, की खरा रोझेर समोर उभा आहे. सगळी तोंडावर हात ठेवून माझ्याकडे बघायला लागली. मला वाटलं होतं की घुर्र घुर्र आठवेल. नाही आठवलं. मी हात हलवला. मग जो काही गोंगाट झाला तो तुम्हाला थंडर बेला ऐकू गेला नसेल तर नवल.

गाडीने फेरी मारली आणि बर्फ काचेसारखा झाला. जर्सी दोरीला बांधून खाली ठेवली होती. आता ओढतील असं मला वाटलं. पण कोणी दोरीला हात लावेना. पोरींच्या टीमची कॅप्टन, तोइवोची नात सारी, स्केटवरून माझ्यासमोर येऊन थांबली. तिच्या हातात माइक होता. ती घाबरलेली दिसत होती आणि मी तिच्याहून जास्त.

ती म्हणाली, “रोझेरकाका, तेव्हा तुम्हाला कोणी विचारलं नव्हतं. म्हणून आज आम्ही विचारतो. आमची गाडी जळाली आहे. ब्रॅनफील्डकडे एक जास्तीची आहे. त्यांना तुम्ही हवे आहात. आम्हाला खेळायचंय. तुम्ही जाल का? नाही म्हणालात तरी चालेल. जर्सी घडी करून तुमच्या हातात देऊ, आणि कोणी वाईट वाटून घेणार नाही.”

काकू, हे तुम्ही तिला इस्पितळातून फोन करून शिकवलं असेल, असा माझा संशय आहे. ती कबूल करत नाही. कोणीही शिकवलेलं असो.  रिंकमधल्या सगळ्यांना माझं पत्र पाठ होतं. बावीस वर्षांचा असताना मी काय म्हणालो असतो, हे प्रत्येकाला ठाऊक होतं. तरी ते खरोखरच वाट बघत होते. तोइवो कठड्याला धरून उभा राहिला होता. ऐनो रडत होती, पण ती आधीपासूनच रडत होती.

मी बघितलं, तर काठाकाठाने मुलं बसलेली, लाल गालांची, नाक ओढणारी, पायात स्केट घालून तयार. त्यांना माझी नाही, बर्फाची घाई होती. मला खूप बरं वाटलं. आयुष्यात पहिल्यांदा मला वाटलं, की हे माझ्या हातात आहे, आणि मला द्यायचंय.

मी माइक हातात घेतला.  म्हणालो, “जाईन.”

लोक उठायला लागले, पण मी हात वर केला, कारण माझं संपलं नव्हतं. म्हणालो, “पण असा नाही जाणार. आधी हिल्काकाकूंकडे जेवीन, त्यांचा निरोप घेईन, आणि मग जाईन.”

जर्सी वर गेली तेव्हा मी ती धड पाहिलीसुद्धा नाही, डोळे भरले होते. जसिंथ म्हणते, थोडी वाकडी लागली आहे.

तर काकू, लवकर बऱ्या व्हा. डॉक्टर म्हणाले दोन-तीन आठवडे. आम्हाला घाई नाही. लाकडं भरपूर आहेत, सुकीच आधी वापरतोय. मी जेवायला थांबलोय.

तुमचा,
रोझेर